मागच्या सीटवरचा पाहुणा

फेट्याचा तिसरा वेढा शेषेरावांच्या कानावरून गेला तेव्हाही डॉ. उटगे गाडीतच बसून होते. दोन्ही हात स्टिअरिंगवर, काच खाली केलेली आणि चेहऱ्यावर ते ठेवणीतले हसू. नांदेडच्या कॉलेजात बत्तीस वर्षे विद्यार्थ्यांच्या चुकलेल्या उत्तरांसाठी त्यांनी ते राखून ठेवले होते. गेटवर प्राचार्य गुच्छ घेऊन उभे होते, त्यांच्यामागे तीन प्राध्यापक, एक मॅडम आणि त्यांच्यामागे एनएसएसची पोरे. या सगळ्यांनी मिळून गाडीचे मागचे दार उघडले होते आणि आत बसलेल्या म्हाताऱ्या शेषेरावांना हाताला धरून, अंडी उतरवावीत तसे जपून, बाहेर काढले होते.

एक प्राध्यापक पुढच्या खिडकीशी वाकला.

"गाडी तिकडं लिंबाखाली लावा. पाहुण्यांना उशीर होईल. तुमचं जेवण कँटीनच्या मागं हाय, निवांत जेवून घ्या."

उटगेंनी तोंड उघडले आणि परत मिटले. आपली ओळख आपणच करून द्यायची ती विम्याच्या एजंटाने. ज्याच्या नावाचे फ्लेक्स गेटवर लावले त्याला गेटवर ओळखता येऊ नये, हा कॉलेजवाल्यांचा प्रश्न होता. फ्लेक्सवरचा फोटो त्यांनी स्वतःच पाठवलेला होता, वीस वर्षांपूर्वीचा, डोक्यावर दाट केस आणि ओठांवर भरघोस मिशा असलेला. आता केस गेले होते, मिशा त्यांनी स्वतः काढल्या होत्या, आणि तशाच मिशांचे, फेटा बांधलेले शेषेराव त्या फोटोच्या शेजारी उभे राहिले तर दोघे सख्खे भाऊ वाटले असते. पण हे उटगेंच्या ध्यानात यायचे कारण नव्हते. दुसऱ्याची चूक सापडली की त्यांना आपली दिसत नसे.

चूक झाली ती अशी. माळाकोळीच्या अलीकडे टायर बसले. उटगेंना स्टेपनी बदलता येत नव्हती, पण रस्त्याकडेला उभ्या असलेल्या एका धोतरवाल्या म्हाताऱ्यापुढे तसे कबूल करणे त्यांना जमेना. ते गाडीखाली शिरले. जॅक दोनदा निसटला आणि नव्या फिक्या निळ्या शर्टावर खांद्यापासून पोटापर्यंत काळे वंगण ओघळले. मग त्या म्हाताऱ्याने पान्यावर पाय देऊन चारही नट सैल केले, टायर चढवले आणि हात मातीने घासून साफ केले. त्याच्या पांढऱ्या सदऱ्याला एक डाग नाही. जन्मभर चिखलात काम केलेल्या माणसाला कपडे जपता येतात.

"मी शेषेराव," तो म्हणाला होता. "अहमदपूरला लेकीकडं निघालो. उज्वला नाव तिचं. स्टँडपस्तोर सोडता का, साहेब?"

पुढच्या सीटवर लॅपटॉप होता आणि उटगेंच्या पुस्तकाच्या पंचवीस प्रतींचा गठ्ठा होता. म्हणून म्हातारा मागे बसला. कॉलेज स्टँडच्या अलीकडे लागते, एवढीच काय ती नियतीची करामत.

पुस्तक होते मूक जमान्यातल्या विनोदी लघुपटांवर. आवाज नसलेल्या त्या दहा-बारा मिनिटांच्या फिल्मांत कुणीतरी कुणालातरी भलताच समजतो. चोराला फौजदार समजतात, वाढप्याला उमराव समजतात, आणि त्यावरून सगळा गोंधळ. या एका गोष्टीवर उटगेंनी आयुष्याची वीस वर्षे घातली होती. अहमदपूरच्या कॉलेजातून एका मॅडमचा फोन आला तेव्हा ते बायकोला म्हणाले होते, "गाढवापुढं वाचली गीता, त्यातली गत. मूकपट म्हणजे काय, इथून सुरुवात करावी लागणार." पण त्या फोननंतर तीन महिने रोज पहाटे उठून त्यांनी व्याख्यान नव्याने लिहिले होते. निवृत्तीला चार वर्षे झाली होती आणि चार वर्षांत त्यांना आलेले हे पहिले निमंत्रण होते. ही गोष्ट त्यांनी बायकोलाही सांगितली नव्हती. ती तिला ठाऊक होती, हे वेगळे.

तेव्हा त्यांनी गाडी लिंबाखाली लावली आणि ठरवले की थांबायचे. चूक यांनी केली, निस्तरतीलही हेच. पाच मिनिटांत प्राचार्य धावत येतील, घामाघूम, हात जोडून. त्या वेळी म्हणायचे एक वाक्यही त्यांनी तयार केले. "असू द्या, माझ्या विषयाचं प्रात्यक्षिकच झालं." वाक्य बरे होते. त्यात क्षमाही होती आणि चपराकही.

पाच मिनिटे गेली, पंधरा गेली. धावत कुणी आले नाही.

कँटीनच्या मागे पत्र्याच्या सावलीत कॉलेजच्या बसचा ड्रायव्हर बिलाल जेवत बसला होता. पन्नाशीचा, दाढीला मेंदी लावलेला. त्याने न विचारता एका ताटात भात घेतला, वर वरण ओतले, दोन पुऱ्या ठेवल्या आणि ताट उटगेंपुढे सरकवले.

"शर्टाचं पार वाटोळं झालं की. पंक्चर?"

"हो."

"पाव्हणा कसा हाय तुमचा? काई काई लई चिडके असतेत. मागल्या साली एक आलते, गाडीतला एशी चालंना म्हणून कारेक्रमात बी तोंड फुगवून बसले."

"हे तसे नाहीत," उटगे म्हणाले.

"बडा माणूस हाय म्हणतेत. किताब लिहिलाय म्हणं."

"लिहिलाय."

"खपतो का?"

उटगेंनी पुरीचा तुकडा मोडला.

"नाही."

"मग बरोबर हाय," बिलाल समाधानाने म्हणाला. "जे खपत न्हाई त्याच्यावरच भाषण ठेवतेत."

एका ड्रायव्हरशी वाद घालण्याइतके आपण खाली आलेलो नाही, असे स्वतःला बजावत उटगेंनी ते सगळे जेवण संपवले. भूक लागली होती. हात धुऊन ते सभागृहाच्या मागच्या दारात जाऊन उभे राहिले. आत पोरे खच्चून भरलेली. पडद्याशेजारी त्यांच्या नावाचा फ्लेक्स, व्यासपीठावर पाच खुर्च्या आणि मधल्या खुर्चीवर भगवा फेटा, खांद्यावर शाल, मांडीवर नारळ घेऊन शेषेराव बसलेले. त्यांच्या गळ्याभोवती आता तीन हार होते आणि ते अवघडून सारखे दाराकडे बघत होते.

कार्यक्रम चालवणाऱ्या मॅडम माईकपाशी होत्या. पस्तिशीच्या, डोक्यावरून ओढणी घेतलेल्या, आवाज स्वच्छ. त्या पाहुण्यांचा परिचय वाचत होत्या. एम.ए., पीएच.डी., बत्तीस वर्षांचे अध्यापन, सतरा शोधनिबंध. शेषेराव प्रत्येक ओळीला आदराने मान हलवत होते. परिचय संपला आणि सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या, तेव्हा त्या थोर माणसासाठी शेषेरावांनीही नारळ सावरत टाळ्या वाजवल्या. पोरांना पाहुण्यांचा हा साधेपणा फार आवडला. टाळ्या वाढल्या.

'मूर्ख,' उटगे मनाशी म्हणाले. नेमके कुणाला, ते त्यांनी ठरवले नाही, कारण यादी मोठी होती.

मग दिवे घालवून एक फिल्म दाखवली. एका हॉटेलातल्या वाढप्याला कुणा उमरावाची विसरलेली टोपी सापडते. तो ती घालतो आणि गावातले सगळे त्याच्यापुढे वाकू लागतात. खरा उमराव बोडक्या डोक्याने येतो, तर त्याला भांडी घासायला बसवतात. उटगेंनी ही फिल्म साठ वेळा पाहिली होती. तिच्यातल्या प्रत्येक धक्क्याचे आणि पडण्याचे त्यांनी कोष्टक केले होते. भांड्यांच्या प्रसंगाला सगळे सभागृह हसले, तेव्हा त्यांच्या असे लक्षात आले की यापूर्वी या प्रसंगाला आपण एकदाही हसलो नव्हतो, आणि आजही हसू आले नाही.

दिवे लागले. प्राचार्यांनी माईक शेषेरावांपुढे धरला. आता, उटगेंना वाटले. आता उघडं पडणार.

"आमचे सर कुठं गेले?" शेषेराव माईकमध्ये म्हणाले. "त्यांना बलवा की. मी आपला त्यांच्याबरूबर आलो."

प्राचार्य हसले. "पाहुणे आपल्या गुरूंची आठवण काढून राहिले," त्यांनी पोरांना समजावले. "एवढा मोठा माणूस, पण गुरूला विसरला नाही. बोला सर, दोन शब्द बोला."

शेषेरावांनी घसा साफ केला. मान दिलाय तर बोलायला पाहिजे, नाही म्हणणे बरे दिसत नाही, एवढे त्यांना कळत होते.

"मला शिनेमातलं काई कळत न्हाई. पर आता दावलं ते माझ्या लग्नात झाल्यालं हाय. आमची बैलगाडी मागं राहिली अन् बँडवाले यष्टीनं म्होरं पोचले. बँडमास्तरच्या अंगात लाल कोट, सोनेरी बटनं. माझा सासरा लई गरीब माणूस. त्यानं कोट पाहिला, पाट मांडला अन् त्याचे पाय धुतले. तांब्या संपूस्तोर धुतले."

पोरे फुटली. शेषेरावांनी हसू थांबायची वाट पाहिली.

"मी पोचलो तवर त्याला कुंकू लावल्यालं, गळ्यात हार. अन् सासू मला म्हणली, तुजा बाजा तिकडं ठीव, जेवाण मागून हाय."

आता मागच्या बाकावरची पोरे बाक बडवू लागली. प्राचार्यांनी चष्मा काढून डोळे पुसले.

"मग कळलं. बँडवाल्याचे पाय धुतले म्हणून चार घरची माणसं न जेवता उठून गेली. कशामुळं, ते तुमाला ठावं हाय. सासरा म्हणला, पाय धुतले ते धुतले. आता ह्यो पाव्हणा. पंगतीला शेजारी घेऊन बसला त्याला. मरूस्तोर दर दिवाळीला यायचा तो मास्तर आमच्या घरी. बस, एवढंच."

सभागृह जे टाळ्यांनी भरले, ते उटगेंना मागच्या दारातून ऐकावे लागले. पानटपरीवरचा किस्सा, त्यांनी निकाल दिला. ना मांडणी, ना संदर्भ. त्यांच्या पिशवीत अठ्ठावीस पाने होती. त्यांत हसण्याबद्दल सगळे काही होते, हसू तेवढे नव्हते. आणि त्यांना राग येऊ लागला तो वेगळ्याच गोष्टीचा. इतका वेळ झाला तरी कुणाला काहीही कमी पडलेले नव्हते. त्यांच्यावाचून कार्यक्रम छान चालला होता.

पोरांना चहासाठी दहा मिनिटे सोडले. मॅडम गर्दीतून वाट काढत मागच्या दाराशी आल्या. हातात पाण्याची बाटली.

"सर, पाणी."

अखेर! उटगेंनी बाटली घेतली आणि तयार वाक्य ओठांवर आणले.

"म्हणजे लक्षात आलं तर. कधी?"

"गेटवर."

वाक्य ओठांवरच राहिले.

"गेटवर? आणि तुम्ही गप्प बसलात?"

"तुम्ही बोलाल म्हणून थांबले," त्या म्हणाल्या. "मी तुमचीच विद्यार्थिनी, सर. फोनवर सांगितलं नव्हतं."

उटगेंनी निरखून पाहिले. पहिला बाक, खिडकीकडची बाजू, दोन ओढण्या. चेहरा सापडल्यासारखा वाटला.

"हुमा! हुमा ना तू?"

"मी नाजिया. हुमा माझ्या शेजारी बसायची."

"तेच ते."

"तेच ते नाही, सर." तिचा आवाज चढला नाही. "तोंडी परीक्षेत तुम्ही माझे मार्क तिला लावले आणि तिचे मला. मी तुमच्या खोलीत सांगायला आले होते. तुम्ही हसलात. म्हणालात, तुम्हा दोघींत फरक काय आहे, तिला मिळाले म्हणजे तुलाच मिळाले. खोलीतले बाकीचे सरही हसले. चार मार्कांनी माझा फर्स्ट क्लास गेला. ही नोकरी लागायला त्यापायी सहा वर्षं जास्त लागली."

उटगेंना ते काहीच आठवत नव्हते. आठवले ते फक्त एवढेच, की स्टाफरूममध्ये आपला एक विनोद चांगला जमला होता आणि तो आपण पुढे बऱ्याचदा सांगितला. त्या दोन मुलींपैकी कुणाचाही चेहरा, डोळ्यांसमोर ही उभी असतानाही, त्यांना दिसेना.

"म्हणजे सूड उगवायला बोलावलंस."

"नाही. व्याख्यानाला बोलावलं. तुमचं पुस्तक मी तीनदा वाचलंय, चांगलं आहे. पोरांनी ऐकावं असं वाटलं. गेटवर जे झालं ते मी केलं नाही. मी फक्त बोलले नाही. पण बोलायला तुम्हाला तरी कुणाची मनाई होती?"

उटगेंनी शर्टावरच्या डागावर बोट घासले. डाग आणखी पसरला.

"अजून वीस मिनिटं आहेत," नाजिया म्हणाली. "चला वर. तुम्ही कोण ते तुम्हीच सांगा. मी माईक देते."

हीच घडी उटगेंना सकाळपासून हवी होती. ते पिशवी घेऊन तिच्यामागून निघाले. अठ्ठावीस पाने नाही जमणार, सात-आठ तरी होतील, असा हिशेबही त्यांनी जाताजाता केला. व्यासपीठाच्या पायऱ्या ते चढले तेव्हा पोरे जागेवर बसत होती. उटगेंना पाहून शेषेरावांचा जीव भांड्यात पडला. हार, शाल, नारळ सगळे सावरत ते खुर्चीवरून उठले.

"या, या. कवाची वाट बघून राहिलो," ते म्हणाले आणि प्राचार्यांकडे वळले. "ह्येच आमचे सर. ह्येंनीच मला आणलं. मी म्हातारा म्हणून मला आदी मान दिला तुमी, पर आता ह्येंचा बी करा सत्कार. पंक्चर झालं तरी टायमावर आणलं."

प्राचार्य रंगात आलेले होते. कुणाचाही सत्कार करायला त्यांची ना नसे, आणि टेबलावर एक शाल शिल्लक होतीच.

"का नाही? पाहुण्यांना सुखरूप आणणाऱ्या ड्रायव्हर बंधूंचाही सत्कार आपण करू," ते माईकवर म्हणाले आणि वंगणाच्या डागावर शाल आली. "नाव सांगा, ड्रायव्हरसाहेब."

नाजियाने दुसरा माईक त्यांच्या तोंडापुढे धरला. उटगेंनी खाकरून आवाज लावला, वर्गात पहिल्या दिवशी लावत तसा.

"डॉक्टर गुरुबसप्पा उटगे."

पोरांनी मागच्या फ्लेक्सकडे पाहिले, शालीखालच्या डागाळलेल्या शर्टाकडे पाहिले, आणि हशा असा उसळला की बँडवाल्याचा हशा त्यापुढे काहीच नव्हता. प्राचार्य हात वर करून पोरांना आवरू लागले, पण त्यांनाही आवरेना.

"हसू नका, हसू नका. भाऊकीतले आहेत ते. आजोबाचं नाव दोघांना ठेवल्यालं असतंय. आमच्याकडं बी दोन चंद्रप्पा हायेत, एक तलाठी अन् एक म्हशी राखतो." त्यांनी उटगेंच्या खांद्यावर प्रेमाने थाप मारली. "अन् डॉक्टर म्हणायला लागलेत गाडीचे. हे बी खरंच हाय."

उटगेंनी घाईघाईने खिशातून पाकीट काढले. नाव छापलेले एकच कार्ड त्यात होते, ड्रायव्हिंग लायसन. ते त्यांनी प्राचार्यांच्या डोळ्यांसमोर धरले. प्राचार्यांनी ते वाचले.

"असू द्या, असू द्या. लायसन दाखवायची काय गरज हाय? आमचा विश्वास हाय तुमच्यावर."

बाके पुन्हा वाजू लागली. शेषेराव मात्र हसत नव्हते. काय चाललेय ते न कळून ते शेजारची खुर्ची उपरण्याने पुसत होते.

"अहो, तो मी आहे," उटगे म्हणाले. आवाज त्यांना वाटला त्याहून बारीक निघाला. "तो फोटो, ते पुस्तक. तो मीच आहे."

"बरोबर हाय की," प्राचार्य हसून म्हणाले. "तुमी काय अन् ते काय. त्यांचा सत्कार झाला म्हणजे तुमचाच झाला."

उटगेंनी नाजियाकडे पाहिले. ती हसत नव्हती. तिने माईकही मागे घेतला नव्हता. तो त्यांच्या तोंडापुढे तसाच धरून, ते आता पुढे काय सांगतात ते ऐकायला, ती शांतपणे उभी होती.